बतावणीला संहिता नसते

प्रति,
संपादक महोदय,

गेल्या रविवारच्या आपल्या पुरवणीत, मुंबईतील इम्प्रॉव्ह विनोदाच्या मंचावरून माहितीपटांकडे आणि पुढे कलावंतांच्या प्रश्नांचा पाठपुरावा करण्याकडे वळलेल्या मंडळींविषयी लेख प्रसिद्ध झाला. लेख आपुलकीने लिहिलेला होता, यात शंका नाही. परंतु ‘हसवणे सोडून ही मंडळी आता गंभीर कामाला लागली आहेत’ असा त्याचा एकूण सूर होता आणि तो खटकल्यामुळे हे पत्र लिहीत आहे. मी स्वतः त्याच वाटेने आलेली आहे. अंधेरी, वांद्रे आणि खार येथील छोट्या मंचांवर अकरा वर्षे उत्स्फूर्त विनोदाचे प्रयोग केले, गेली चार वर्षे माहितीपट करते आहे, आणि अलीकडे माझा बराच वेळ अर्ज लिहिण्यात, निवेदने देण्यात आणि त्यांच्या पोचपावत्या सांभाळण्यात जातो. यात काही सोडले आणि काही नवे धरले, असे मला एकदाही वाटलेले नाही. एका कामाने दुसरे गळ्यात घातले, इतकेच.

ज्या वाचकांनी हा प्रकार पाहिलेला नाही, त्यांच्यासाठी थोडे सांगायला हवे. इम्प्रॉव्हमध्ये नट रिकाम्या हाताने मंचावर येतात, प्रेक्षकांकडे एखादे ठिकाण किंवा नाते मागतात (मुंबईत हमखास ‘दादरचा पूल’ नाहीतर ‘सासू आणि जावई’ मिळते) आणि त्या एका शब्दावर पुढची वीस मिनिटे प्रसंग उभा करतात. समोरच्या नटाने जे दिले ते आधी मान्य करायचे आणि मग त्यात आपली भर घालायची, हा या खेळाचा पहिला नियम. समोरचा म्हणाला, ‘डॉक्टर, माझी म्हैस लिफ्टमध्ये अडकली’, तर ‘मी कुठे डॉक्टर आहे?’ म्हणणारा नट प्रसंग तिथेच मारतो आणि ‘कितव्या मजल्यावर?’ असे विचारणारा तो पुढे नेतो. या खेळांची आधुनिक मांडणी अमेरिकेत व्हायोला स्पोलिन यांनी केली. शिकागोत देशोदेशींहून आलेल्या स्थलांतरितांच्या मुलांना, भाषा एक नसतानाही, एकत्र नाटक करता यावे यासाठी त्यांनी ते रचले होते. त्यांचे चिरंजीव पॉल सिल्स यांनी सहकाऱ्यांसह १९५९ मध्ये त्याच शहरात ‘सेकंड सिटी’ सुरू केली. आम्ही मुंबईतली मुले ही नावे आणि सनावळ्या पाठ करून या कलेत शिरलो. मी परळची, पण माझ्या घरापासून चालत वीस मिनिटांवर, लालबागच्या हनुमान थिएटरात, गिरणी कामगारांसमोर तमाशात वर्षानुवर्षे हेच चालत असे, हे मला वयाच्या पस्तिशीपर्यंत ठाऊक नव्हते.

तमाशातील गण (गणेशवंदना), गवळण (कृष्ण आणि गवळणींचा प्रसंग), बतावणी (विनोदी संवाद) आणि वग (कथानाट्य) या क्रमात बतावणी हा भाग सोंगाड्याच्या हजरजबाबीपणावर चालतो. जुन्या तमाशात वगाचेदेखील केवळ कथानक ठरलेले असे आणि संवाद नटांनी उभ्या उभ्या जुळवायचे असत. दादू इंदुरीकर काय किंवा दादा कोंडके काय, ज्या गावात प्रयोग असेल तिथल्या ताज्या घडामोडी ते वाक्यावाक्यात ओवत, आणि त्यामुळे तोच प्रयोग दहा वेळा पाहणारा प्रेक्षक दहा वेगळे प्रयोग पाहून घरी जाई. आमच्याकडे या कौशल्याचे महागडे वर्ग चालतात. त्यांच्याकडे फड होता.

माहितीपटाकडे मी वळले ती याच शोधात. लालबागच्या एका चाळीत ७९ वर्षांचे एक सोंगाडे राहतात. चाळीत सगळे त्यांना आबा म्हणतात, मीही तेच म्हणते. चौदाव्या वर्षी ते फडात गेले, आणि १९८२ च्या संपानंतर गिरणगावातला प्रेक्षक पांगला तेव्हा त्यांनी पायातले चाळ काढून ठेवले आणि एका इमारतीत रखवालदाराची नोकरी धरली. त्यांच्यावर माहितीपट करायचा म्हणून मी पहिल्या दिवशी बत्तीस प्रश्नांची यादी घेऊन गेले. कॅमेरा लावला, सदऱ्याला माईक लावला, आणि आबांनी प्रत्येक प्रश्नाला एखाद्या सत्कार समारंभात द्यावे तसे उत्तर दिले. कलेची सेवा केली, रसिकांनी प्रेम दिले, आता वय झाले. दोन तासांच्या त्या चित्रीकरणातला एकही तुकडा मला वापरता आला नाही.

तिसऱ्या भेटीत यादी पिशवीतच ठेवली. आबा खाटेवर बसले होते, त्यांच्या पत्नी, म्हणजे आजी, स्वयंपाकाच्या ओट्याशी होत्या. मी कमरेवर घागर असल्यासारखा हात ठेवला आणि म्हटले, ‘मावशी, चला की लवकर, मथुरेच्या बाजाराला उशीर होतोय.’ आबांनी माझ्याकडे पाहिले. क्षणभर काहीच घडले नाही. मग त्यांनी खांद्यावरचा पंचा डोक्यावर ओढून घेतला, मान एका बाजूला टाकली आणि गवळणीतली मावशी माझ्याशी भांडायला उभी राहिली: ‘उशीर? मला उशीर व्हायला चाळीस वर्षं झाली, तू आज आलीस व्हय?’ तेवढ्यात ओट्यावरच्या कुकरने शिट्टी दिली. आमचा ध्वनिमुद्रक वैतागून कानातले यंत्र काढणार होता, तोच मावशी दचकून म्हणाली, ‘अगं बाई, भाऊच्या धक्क्यावरनं बोट सुटली! आता जाऊ का पोहत?’ पुढची चौदा मिनिटे कुकरच्या प्रत्येक शिट्टीसरशी एक बोट सुटत राहिली. आजी ओट्याशी हसून हसून खाली बसल्या, आणि त्या दिवशीचा वरणभात करपला.

संपादक महोदय, ‘विनोद सोडला’ म्हणणाऱ्यांना मी ही चौदा मिनिटे दाखवू इच्छिते. ज्याला मंचावर समोरच्याचे ऐकायची सवय आहे त्याला कॅमेऱ्यामागे राहूनही ऐकता येते. ज्याला ठरलेले वाक्य विसरण्याची भीती नाही तो प्रश्नांची यादी बाजूला ठेवू शकतो. इम्प्रॉव्हने मला शिकवलेले माहितीपटात जसेच्या तसे उपयोगी पडले, असे मात्र म्हणता येणार नाही, आणि लेखात या फरकाविषयी काहीच नव्हते म्हणून सांगते. मंचावर बोललेले वाक्य त्याच रात्री विरून जाते. चित्रित केलेले वाक्य राहते, आणि ते कोणाच्या मोबाइलवर, कोणत्या मथळ्याखाली पोहोचेल हे सांगता येत नाही. त्या बतावणीत आबांनी चाळीतल्या एका शेजाऱ्यावर असा काही टोला हाणला होता की आमच्या चमूतले सगळे लोटपोट झाले. दुसऱ्या दिवशी आजींचा फोन आला: ‘ताई, तेवढं काढ. रोज एका नळावर पाणी भरतो आम्ही.’ मी ते काढले. मंचावर सगळ्याला होकार देत आलेल्या बाईला संकलनाच्या टेबलावर दिवसभर नकार द्यावे लागतात. एक्केचाळीस तासांच्या चित्रीकरणातून अडतीस मिनिटे ठेवताना माझी झोप जशी उडाली, तशी अकरा वर्षांत एकाही पडलेल्या प्रयोगानंतर उडाली नव्हती.

आता तिसऱ्या कामाविषयी, ज्याला आपल्या लेखात ‘चळवळ’ असा भारदस्त शब्द वापरला होता. माझ्यापुरती त्याची सुरुवात एका प्लास्टिकच्या पिशवीतून झाली. वृद्ध साहित्यिक व कलावंतांसाठी राज्य शासनाची मानधन योजना आहे, आणि तिच्या अर्जासोबत कलाक्षेत्रातील कामाचे पुरावे जोडावे लागतात. ही अपेक्षा गैर नाही. सार्वजनिक पैसा द्यायचा तर पुरावा मागितलाच पाहिजे. आबांनी मला त्यांच्या पुराव्यांची पिशवी दाखवली. तिच्यात एका यात्रेचे फाटलेले हॅण्डबिल होते, ज्यावर फडमालकाचे नाव ठळक होते आणि आबांचा उल्लेख ‘व इतर विनोदी कलाकार’ असा होता; घुंगरांची एक जोडी होती; आणि एक छायाचित्र होते, ज्यात मावशीच्या लुगड्यातला माणूस म्हणजे आबाच, हे फक्त आबा सांगू शकत होते. फडमालक वारले, फड मोडला, हिशेबाच्या वह्या कोणाकडे आहेत हे कोणालाच माहीत नाही. ज्या कलेचे वैशिष्ट्यच हे की ती लिहून ठेवायची नसते, त्या कलेच्या माणसाकडे कागद कुठून येणार? ‘ताई, तुझ्या त्या शूटिंगचा दाखला मिळेल का?’ असे त्यांनी विचारले, तेव्हा प्रथमच माझ्या लक्षात आले की मी ज्याला माहितीपट समजत होते, तो त्यांच्या दृष्टीने त्यांनी आयुष्यभर काय केले याचा एकमेव पुरावा होता.

चित्रीकरणातली सोळा छायाचित्रे काढून, तारखा आणि प्रतिज्ञापत्रासह ती अर्जाला जोडली आहेत. अर्ज विचाराधीन आहे, म्हणून त्याविषयी याहून अधिक लिहीत नाही. परंतु माझी पहिली मागणी त्यातूनच आली आहे. तमाशा, दशावतार, सोंगी भजन, भारूड अशा ज्या कला तोंडी परंपरेने चालत आल्या, त्यांच्या वृद्ध कलावंतांना कागदाऐवजी प्रत्यक्ष सादरीकरणाचे चित्रमुद्रण पुरावा म्हणून जोडता यावे आणि ते चित्रमुद्रण करून देण्याची सोय शासनानेच जिल्ह्याच्या ठिकाणी करावी. नारायणगावात पाडव्याच्या सुमारास फडांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावचे पुढारी यात्रेच्या सुपाऱ्या द्यायला येतात. तिथे एक कॅमेरा आणि जाणकार माणूस आठवडाभर बसवला, तरी शेकडो अर्ज पुराव्यासकट उभे राहतील. मुंबई विद्यापीठाच्या लोककला अकादमीत हे काम समजणारी माणसे आहेत. मंजूर झालेल्या अर्जांची मुद्रणे एका जागी जतन केली, तर ज्याला आपण पुढे संशोधन म्हणू त्याचा कच्चा माल आपोआप जमा होईल.

कागदाची हीच अडचण आम्हा शहरी मंडळींना वेगळ्या रूपात भेटते. आपल्या राज्यात तिकीट लावून नाट्यप्रयोग करायचा, तर त्याची संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे आधी सादर करून प्रमाणपत्र घ्यावे लागते. या पूर्वतपासणीला अमोल पालेकर यांनी २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात आव्हान दिले होते, आणि तिच्याविषयीचा अभिव्यक्तिस्वातंत्र्याचा वाद वाचकांना परिचित आहे. मी त्या मोठ्या वादात शिरत नाही. माझा प्रश्न त्याहून साधा आहे: जी संहिता अस्तित्वातच नाही, ती तपासायची कशी? उपनगरातल्या एका सभागृहाच्या व्यवस्थापकांनी आमच्याकडे संहिता मागितली. नाही म्हटल्यावर ते समजुतीने म्हणाले, ‘निदान विषय तरी लिहून द्या.’ आम्ही कोऱ्या कागदावर लिहिले, ‘विषय: प्रेक्षक सांगतील तो.’ कागद परत आला आणि तारीखही गेली. त्या गृहस्थांना दोष देण्यात अर्थ नाही, त्यांच्या छापील नमुन्यात संहितेच्या रकान्यात ‘लागू नाही’ असा पर्यायच नव्हता.

हा पेच जगात प्रथमच पडलेला नाही. ब्रिटनमध्ये १९६८ पर्यंत सार्वजनिक नाट्यप्रयोगाच्या संहितेला लॉर्ड चेंबरलेन या राजदरबारी अधिकाऱ्याची आगाऊ मंजुरी लागत असे. त्या काळात कीथ जॉन्स्टन लंडनच्या रॉयल कोर्ट थिएटरात उत्स्फूर्त अभिनयाचे प्रयोग करू पाहत होते. शब्द आधी ठरलेलेच नसल्यामुळे त्यांना मंजुरी मिळण्याचा मार्ग नव्हता, म्हणून प्रयोगाला ‘वर्गाचे प्रात्यक्षिक’ म्हणून सादर करण्याची युक्ती करावी लागे. १९६८ च्या कायद्याने ती तपासणी संपली. साहेबाने आपल्यासाठी १८७६ मध्ये केलेला नाट्यप्रयोगांचा कायदाही आता संसदेने रद्द केला आहे. आपल्या मंडळाने निदान एवढे करावे, की विनासंहिता प्रयोगांसाठी संहितेऐवजी एक घोषणापत्र स्वीकारावे: प्रयोगाचे स्वरूप काय, कोणत्या वयाच्या प्रेक्षकांसाठी, आणि मंचावर जे बोलले जाईल त्याची जबाबदारी कोणाची. मंचावर काही बेकायदा घडलेच, तर त्यासाठी कायद्याची कलमे आधीपासून आहेत. ही सोय इंग्रजी-हिंदीत विनोद करणाऱ्या चार मुलांसाठी हवी आहे असे कोणी समजू नये. सोंगाड्याने रात्री अकरा वाजता सरपंचावर केलेली कोटी सकाळी कोणत्या संहितेत लिहिलेली असणार?

माहितीपटांची स्थिती याहून निराळी नाही, हे थोडक्यात नोंदवते. आपल्याकडील अगदी सुरुवातीच्या चलच्चित्रांपैकी एक मुळी अशा घटनेचे आहे जी कोणी लिहिलेली नव्हती. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी, म्हणजे सावेदादांनी, १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये एक कुस्ती चित्रित केली. कोण कोणाला कधी चीत करणार हे त्यांना ठाऊक नव्हते. पुढे याच शहरात १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन उभी राहिली आणि तिने देशाचे दृश्य दप्तर जमवले. पूर्वतपासणीचा प्रश्नही सोबत आलाच: के. ए. अब्बास यांच्या मुंबईसह चार शहरांवरील लघुपटावरून १९७० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने चित्रपटांची पूर्वतपासणी वैध ठरवली, आणि मुंबईच्या २००४ च्या आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सवासाठी भारतीय चित्रपटांना सेन्सॉर प्रमाणपत्राची अट घालण्याचा विषय निघाला तेव्हा माहितीपटकारांनी ‘विकल्प’ या नावाने आपला समांतर महोत्सव भरवला. आज माझ्यासारखीला अधिक रोज भेडसावणारी गोष्ट मात्र साधी आहे. अर्थसाहाय्याच्या बहुतेक अर्जांत ‘तपशीलवार पटकथा’ मागतात. आबांच्या कुकरची शिट्टी मी कोणत्या पटकथेत लिहिणार होते?

जागांविषयी फार लिहीत नाही, कारण आपल्या दैनिकात त्याविषयी पुष्कळ येऊन गेले आहे. दादरच्या छबिलदास शाळेच्या सभागृहाने १९७४ पासून मराठी प्रायोगिक रंगभूमीला जे दिले, ते कोणत्याही मोठ्या नाट्यगृहाने दिले नाही, आणि त्यासाठी लागले होते काय तर संध्याकाळी मोकळी असणारी शाळेची एक खोली. महापालिकेच्या शाळा आजही संध्याकाळी मोकळ्या असतात. साठ माणसे बसतील, पंखे चालू असतील आणि रखवालदाराला रात्री साडेनऊपर्यंत थांबण्याचा भत्ता मिळेल, एवढी व्यवस्था प्रत्येक विभागात एका शाळेत झाली, तर खाण्यापिण्याची किमान रक्कम ठरवून मंच देणाऱ्या कॅफेंवर आमची जी मदार आहे ती संपेल. आबांनी एकदा माझ्यासोबत अशा एका कॅफेत प्रयोग केला. प्रयोग उत्तम झाला, पण तीनशे रुपयांची कॉफी प्यायला मिळालेल्या प्रेक्षकांकडे पाहून आबा परतीच्या टॅक्सीत म्हणाले, ‘आमच्याकडं लोक चहाबी पिऊन यायचे आणि शिट्ट्याबी घरनं आणायचे.’

शेवटी आपल्याकडे एक वैयक्तिक विनंती आहे, आणि खरे तर हे पत्र लिहिण्याचे निम्मे कारण तेच आहे. आबांच्या अर्जात अजून एक गोष्ट कमी आहे: ते ज्या फडात होते तो फड मुंबईत प्रयोग करत होता याचा छापील पुरावा. हनुमान थिएटरात होणाऱ्या तमाशांच्या जाहिराती त्या काळी वर्तमानपत्रांत येत, असे आबा सांगतात, आणि १९६९ ते १९८१ या काळात आपण कोणत्या फडात, कोणत्या हंगामात होतो हे त्यांना तोंडपाठ आहे. आपल्या दैनिकाच्या संग्रहातील त्या वर्षांचे बांधीव अंक आम्हाला कार्यालयात बसून पाहू द्यावेत. आम्ही दोघेच येऊ. कॅमेरा नको असेल तर आणणार नाही, पण आबांना सोबत येऊ द्यावे, कारण जाहिरातीत त्यांचे नाव नसणार आणि कोणती जाहिरात आपली, हे तेच ओळखतील. सोमवार सोडून कोणताही दिवस चालेल. सोमवारी त्यांची रखवालीची पाळी असते.

आपली विश्वासू,
एक वाचक
परळ, मुंबई

(अर्ज प्रलंबित असल्यामुळे पत्रासोबत कळवलेले नाव व पत्ता प्रसिद्ध करू नये, ही विनंती.)